कॅमेरा जेव्हा गप्प राहून पाहतो

आपल्यापैकी कित्येकांचे पूर्वज कोकणच्या किनाऱ्यावरून या बेटावर आले. त्याच सागराच्या काठी, मुंबईत राहणाऱ्या कोळी बांधवांवर एक अनुबोधपट निघाला आहे. त्याचे नाव ‘अगेन्स्ट द टाइड’, म्हणजे प्रवाहाच्या विरुद्ध. दिग्दर्शिका आहेत श्रीमती सर्वनिक कौर.

याआधी 2016 साली त्यांनी तुषार माधव यांच्यासह काश्मीरमधील कवी व गायकांवर ‘सोझ... अ बॅलड ऑफ मॅलडीज’ हा अनुबोधपट केला होता. पदार्पणातील दिग्दर्शनाबद्दल त्याला भारताचा राष्ट्रीय पुरस्कार मिळाला.

अनुबोधपट म्हटला की पडद्यामागून सर्व काही समजावून सांगणारा भारदस्त आवाज आपल्याला आठवतो. येथे तसे नाही. 1960 च्या सुमारास हलके कॅमेरे व सोबतच आवाज टिपणारी यंत्रे आली, तेव्हा काही दिग्दर्शकांनी वेगळी वाट धरली. माणसांजवळ राहायचे, धीर धरून पाहायचे आणि त्यांचेच बोलणे प्रेक्षकांना ऐकू द्यायचे. कौर यांची वाट हीच आहे.

चित्रपटात राकेश व गणेश हे दोन मित्र आहेत. राकेश वडिलांच्या होडीतून, भरती-ओहोटी पाहून, किनाऱ्याजवळ मासे धरतो. गणेश स्कॉटलंडमध्ये शिकून आलेला. तो मोठ्या बोटीने खोल समुद्रात जातो. मासे दोघांनाही कमी मिळतात. गणेशच्या डोक्यावर कर्ज आहे. राकेशच्या तान्ह्या बाळाला हृदयाचा विकार आहे. प्रखर एलईडी दिवे लावून मासे एका जागी ओढून घेण्याचा मोह गणेशला पडतो. या पद्धतीवर भारत सरकारने 2017 साली बंदी घातली, कारण लहान-मोठे सर्वच मासे जाळ्यात येतात व पुढच्या हंगामाला बीज उरत नाही. राकेशला हे पटत नाही, आणि जिवाभावाची मैत्री ताणली जाते.

राकेश चांगला, गणेश वाईट, असे सांगणे सोपे होते. कौर तसे करीत नाहीत. कर्ज फेडणाऱ्याची चिंताही त्या तितक्याच आस्थेने दाखवितात. म्हणूनच प्रश्नाचे खरे वजन कळते : समुद्र एकच आहे, आणि एकाने अधिक ओढले की दुसऱ्याचे जाळे रिकामे येते.

जानेवारी 2023 मध्ये अमेरिकेतील सनडान्स महोत्सवात या चित्रपटाला परीक्षकांचा विशेष पुरस्कार मिळाला, आणि तो याच निरीक्षणाच्या शैलीबद्दल.

आपल्यासाठी आणखी एक आनंदाची गोष्ट आहे. ही माणसे पुस्तकातली नव्हे, घरातली व होडीवरची मराठी बोलतात. आपली मुले ही भाषा वर्गात वाचून शिकतात. ती रागात, लोभात व पोटापाण्याच्या काळजीत कशी बोलली जाते, हे त्यांच्या कानी क्वचितच पडते. संधी मिळाल्यास हा चित्रपट मुलांना अवश्य दाखवावा. आजी-आजोबांनाही सोबत बसवावे. एखादा जुना शब्द सर्वांआधी त्यांनाच ओळखू येईल.