शस्त्रापूर्वीचा मसुदा

ज्यांचा खालचा जबडा वरच्या जबड्यापेक्षा बराच पुढे वाढलेला असतो, त्यांच्या समोरच्या दातांची परस्परांशी गाठच पडत नाही; ज्वारीच्या भाकरीचा तुकडा हाताने मोडून दाढांखाली सरकवावा लागतो, मक्याचे कणीस सुरीने सोलून घ्यावे लागते, काही वर्णांचे उच्चार ओठांतून निसटून जातात, आणि घरात विवाहाची बोलणी सुरू झाली म्हणजे या साऱ्या शारीरिक अडचणींपेक्षाही चेहऱ्याविषयीचे दुःख अधिक तीव्र होते. खानदेशातील अनेक कुटुंबांनी असे व्यंग पिढ्यान्‌पिढ्या नशिबाचे म्हणून स्वीकारले. आता तशी सक्ती उरलेली नाही. धुळ्यास साक्री रस्त्यावर अण्णासाहेब चूडामण पाटील यांच्या स्मरणार्थ उभे राहिलेले दंत महाविद्यालय आहे, आणि पुढे जायचे म्हटले तर भुसावळ-जळगावहून एका बाजूस मुंबईचे नायर रुग्णालयाचे दंत महाविद्यालय व दुसऱ्या बाजूस नागपूरचे शासकीय दंत महाविद्यालय रेल्वेच्या एका रात्रीवर आहे. मात्र उपचारासाठी निघालेले लोक हाड कसे कापतात, भूल किती वेळ देतात आणि खर्च किती येतो एवढेच विचारतात. शस्त्रक्रियेच्या वेळी दोन दंतपंक्तींच्या मध्ये बसविल्या जाणाऱ्या त्या पातळ पट्ट्याविषयी, ज्यास स्प्लिंट म्हणतात, सहसा कोणी विचारीत नाही. माझ्या मते संपूर्ण उपचाराचे यश जितके शल्यवैद्याच्या हातावर, तितकेच या पट्ट्यावर अवलंबून आहे.

याचे कारण शस्त्रक्रियेच्या स्वरूपातच आहे. वरचा जबडा पुढे आणावयाचा असेल, तर ओठाच्या आतून छेद घेऊन नाकाच्या तळाच्या पातळीवर हाड आडवे कापले जाते आणि दात व टाळू यांसह तो सारा भाग कवटीपासून मोकळा होतो. मोकळा झाला की त्यास स्वतःचे स्थान असे काही उरत नाही. रुग्ण उताणा निजलेला, भुलेची नळी नाकातून गेलेली, चेहरा सुजलेला, ओठ ताणून बाजूस धरलेले. अशा अवस्थेत तीन मिलिमीटर आणि पाच मिलिमीटर यांतील अंतर नुसत्या नजरेने ठरविणे कोणत्याही अनुभवी माणसास शक्य नाही. म्हणून ते आधी ठरवून, एका घन वस्तूत कोरून, शस्त्रक्रियागृहात न्यावे लागते. स्प्लिंटच्या वरच्या अंगास वरच्या दातांचे आणि खालच्या अंगास खालच्या दातांचे ठसे, ओल्या मातीत उमटलेल्या पावलांप्रमाणे, उमटलेले असतात. दोन्ही पंक्ती आपापल्या ठशांत बसल्या की मोकळ्या जबड्याला त्याची नेमून दिलेली जागा सापडते.

कापण्यापूर्वी मोजावे आणि मोजलेले एखाद्या प्रतिकृतीत उतरवावे, ही बुद्धी आपल्या मुलखास अपरिचित नव्हती. टिपूशी झालेल्या युद्धात इंग्रजी फौजेबरोबर असलेला कावसजी नावाचा गाडीवान कैद झाला आणि त्याचे नाक कापण्यात आले. पुढे पुण्याजवळ कुंभार जातीच्या एका वैद्याने कपाळाच्या कातडीतून त्यास नवे नाक करून दिले. लंडनच्या ‘जंटलमन्स मॅगझिन’ने ही हकीकत १७९४ साली सचित्र छापली. त्या वृत्तांतातील एक तपशील मला फार मोलाचा वाटतो. त्या वैद्याने प्रथम मेणाचा पातळ पत्रा नाकाच्या जागी बसवून त्यास आकार दिला, मग तो सपाट करून कपाळावर ठेवला, आणि त्याच्या कडेने रेघ ओढल्यानंतरच शस्त्र उचलले.

जबड्यासाठी असे साधन घडले ते अमेरिकेतील यादवी युद्धाच्या काळात. त्याच युद्धामुळे विलायतेच्या गिरण्यांना अमेरिकन कापूस मिळेनासा झाला, खानदेशच्या कापसास अपूर्व भाव आला आणि जळगावची पेठ भरभराटली. तिकडे अटलांटा येथे जेम्स बॅक्स्टर बीन हे दंतवैद्य, गोळीने मोडलेल्या जबड्यांची मापे घेऊन, प्लास्टरचे साचे मोडीच्या जागी कापून योग्य मेळात जुळवीत आणि त्यांवर कठीण रबराचे स्प्लिंट करीत. १८६५ साली परराष्ट्रमंत्री सीवर्ड यांचा गाडीच्या अपघातात मोडलेला जबडा न्यूयॉर्कच्या टॉमस गनिंग यांनी अशाच रबरी साधनाने सांधला. पुढे झुरिकचे हूगो ओबवेगेसर यांनी खालच्या जबड्याचे हाड उभे दुभागून सरकविण्याची पद्धत ट्राउनर यांच्या सोबतीने १९५७ साली इंग्रजी वाचकांपुढे मांडली आणि १९७० मध्ये दोन्ही जबडे एकाच वेळी हलविण्याविषयी लेखन प्रसिद्ध केले. तेव्हापासून एका स्प्लिंटचे काम दोहोंवर गेले.

हे दोन स्प्लिंट कसे तयार होतात ते सांगितल्याशिवाय त्यांचे महत्त्व ध्यानात येणार नाही. प्रथम दातांची मापे घेऊन प्लास्टरचे साचे ओततात. माप घेण्याचा आल्जिनेट हा पदार्थ पाणी सुटताच आकसतो, आणि ज्या जळगाव-भुसावळात वैशाखात पारा पंचेचाळिसाच्या घरात जातो तेथे साचा ओतण्यास झालेला थोडा विलंबही महागात पडतो. नंतर फेसबो नावाच्या साधनाने वरचा जबडा कानाजवळच्या सांध्यापासून कोठे व किती कललेला आहे हे टिपतात, मेणाच्या चकतीवर दातांची बैठक नोंदवतात, आणि दोन्ही साचे आर्टिक्युलेटर या बिजागरीच्या यंत्रावर चढवतात. आता साच्यांवरच शस्त्रक्रिया होते. वरचा साचा करवतीने कापून ठरलेल्या हिशेबाने, समजा चार मिलिमीटर पुढे व दोन मिलिमीटर वर, मेणाने चिकटवतात. खालचा साचा मात्र मूळ जागीच राहतो. या दोहोंमध्ये ॲक्रिलिकचा मऊ गोळा दाबून जो पट्टा मिळतो, तो मधला स्प्लिंट. पुढे खालचा साचाही हलवून दातांचा अंतिम मेळ साधतात आणि त्यावर दुसरा, अखेरचा स्प्लिंट करतात. शस्त्रक्रियेत याच क्रमाची अंमलबजावणी होते: वरचा जबडा मोकळा करून मधल्या स्प्लिंटच्या साह्याने, अद्याप न कापलेल्या खालच्या जबड्याच्या आधारावर, त्यास जागेवर आणतात, तारांनी तात्पुरते बांधतात व टायटॅनियमच्या पट्ट्यांनी पक्के करतात, त्यानंतर खालचा जबडा कापून अखेरच्या स्प्लिंटमध्ये बसवतात. काही शल्यवैद्य हा क्रम उलटा ठेवतात, आणि तेव्हा मधला स्प्लिंटही त्यानुसार निराळा करावा लागतो.

येथे एक गोष्ट स्पष्ट केली पाहिजे, कारण स्प्लिंट अचूक असला म्हणजे सर्व बंदोबस्त झाला असे मानणे धोक्याचे आहे. स्प्लिंट जबड्याचे पुढेमागे व डावेउजवे स्थान ठरवितो. वरचा जबडा किती उंचीवर असावा हे तो सांगू शकत नाही. त्यासाठी बहुधा नाकाच्या मुळाशी एक बारीक सळई रोवून तेथपासून दातांपर्यंतचे अंतर आधी व नंतर मोजतात. त्याहून सूक्ष्म अडचण सांध्याची. भुलेमुळे स्नायू सैल झालेले असतात, आणि खालच्या जबड्याचे टोक आपल्या खोबणीतून किंचित खाली ओढले गेले असता दात मात्र स्प्लिंटमध्ये अगदी बिनचूक बसलेले दिसतात. तशाच स्थितीत हाडे जखडली, तर बांधलेल्या तारा सोडताच ते टोक खोबणीत परत जाते आणि समोरचे दात उघडे पडतात. म्हणून जाणता शल्यवैद्य पट्ट्या बसविल्यावर तारा सोडतो, हनुवटीला हलका आधार देऊन जबडा मिटवून पाहतो, आणि दात आपसूक स्प्लिंटच्या ठशांत उतरले नाहीत तर स्क्रू काढून पुन्हा आरंभ करतो. या पुनरारंभात त्याची कोणतीही नामुष्की नाही, उलट त्याच्या प्रामाणिकपणाचा तो दाखला आहे.

अलीकडे प्लास्टर व करवत यांची जागा पुष्कळ ठिकाणी संगणकाने घेतली आहे. जबड्याचा त्रिमितीय स्कॅन आणि दातांचे तोंडातच घेतलेले चित्रण एकत्र जुळवून पडद्यावर हाडे कापतात, हलवतात, आणि स्प्लिंट रेझिनमध्ये छापून काढतात. आमच्यासारख्या जिल्ह्यांना यात मोठी सोय आहे, कारण स्कॅन एका गावी, आखणी दुसऱ्या गावी आणि छपाई तिसऱ्या गावी होऊ शकते. तरीही छापलेला पट्टा रुग्णाच्या दातांवर आदल्या दिवशी बसवून पाहण्याचे काम माणसासच करावे लागते, आणि ते टाळता कामा नये.

आता कुटुंबीयांच्या वाट्याच्या कर्तव्याविषयी. शस्त्रक्रियेपूर्वी वर्ष-दीड वर्ष दातांना तारा लावून ठेवाव्या लागतात, कारण वेड्यावाकड्या जबड्याशी जुळवून घेण्यासाठी दात स्वतःच कललेले असतात आणि त्यांना आपल्या हाडावर सरळ उभे केल्याखेरीज विश्वसनीय स्प्लिंट करता येत नाही. या मुदतीत चेहरा सुधारण्याऐवजी व्यंग अधिकच उठून दिसू लागते, घरचे लोक घाबरतात, ‘अजून किती दिवस?’ असे विचारतात, आणि कित्येकदा चोपडा-यावलहून दरमहा येणारे रुग्ण मधूनच येईनासे होतात. लग्नाची तिथी धरून शस्त्रक्रियेची घाई करणारे पालक पाहिले म्हणजे मला खरोखर वाईट वाटते. मुलीची वाढ सोळा-सतराच्या सुमारास व मुलाची त्याहून उशिरा पुरी होते; त्याआधी हाड हलवले तर खालचा जबडा पुढे वाढतच राहून केलेले सारे मोडू शकतो. शेवटची मापे घेतल्यावर एखादी तार तुटली, दात सरकला किंवा नवी दातभरणी झाली, तर स्प्लिंट बसत नाही; हे डॉक्टरांना तत्काळ कळविणे हे रुग्णाचे काम आहे.

शस्त्रक्रियेनंतर अखेरचा स्प्लिंट बहुधा काढून घेतात आणि रबरी वळ्यांनी जबड्यास नव्या सवयीचे वळण लावतात. मात्र वरचा जबडा तुकड्यांत कापून रुंद केला असेल, तर तो स्प्लिंट काही आठवडे वरच्या दातांना बांधलेला राहतो, आणि तेव्हा मऊ ब्रशाने व मिठाच्या कोमट पाण्याने त्याभोवतीची स्वच्छता दर जेवणानंतर करावी लागते. खालच्या ओठाची बधिरता बहुतेकांत हळूहळू ओसरते, काहींत थोडी कायम राहते, आणि हे आधीच सांगितलेले असावे. सुमारे सहा आठवडे ज्वारीची आंबील, डाळीचे वरण, ताक, शिजवून घोटलेल्या भाज्या एवढ्यावर भागवावे. हाड सांधल्याचे पाहून डॉक्टरांनी परवानगी दिली म्हणजे प्रथम दुधात कुस्करलेली आणि मग कोरडी भाकरी खावी, आणि त्यानंतरही दातांच्या तारा आणखी काही महिने ठेवून मेळ पुरा करून घ्यावा.