किती माल, कोणाचा, कोणत्या अवस्थेतला : संगणकीय साठानोंदीचा मागोवा

१९७२ साली पश्चिम जर्मनीत आयबीएममधून बाहेर पडलेल्या पाच जणांनी 'सॅप' ही संगणकप्रणाली बनवणारी कंपनी स्थापन केली. ओस्ट्रिंगेन येथील आयसीआयच्या नायलॉन कारखान्यात त्यांनी काम सुरू केले, तेव्हा व्यवहार पंचकार्डांवर साचवून रात्री एकगठ्ठा चालवण्याऐवजी घडताक्षणीच नोंदवला जावा, हा त्यांचा आग्रह होता. सत्तरच्या दशकाच्या मध्यास त्यांच्या लेखाप्रणालीला खरेदी, साठा आणि बीजकपडताळणी यांची जोड मिळाली आणि भांडारातली नोंद थेट हिशेबाच्या खात्याशी बांधली गेली. ही घटना महत्त्वाची अशासाठी की त्यानंतर 'शिल्लक किती' एवढ्यावर भागेना. शिल्लक कोणाच्या मालकीची आहे आणि ती आज वापरता येईल का, हेही नोंदीनेच सांगणे भाग पडले.

१९९२ साली आलेल्या सॅपच्या 'आर/३' प्रणालीने या प्रश्नांची उत्तरे ज्या वर्गांत बसवली, ते आजही बव्हंशी तसेच आहेत. 'अनरिस्ट्रिक्टेड' म्हणजे कोणतीही आडकाठी नसलेला साठा, 'क्वालिटी इन्स्पेक्शन' म्हणजे तपासणीत असलेला आणि 'ब्लॉक्ड' म्हणजे अडवून ठेवलेला. समजा, एक हजार बेअरिंगे आली. आवक १०१ या 'मूव्हमेंट टाइप'ने, म्हणजे हालचालीचा प्रकार सांगणाऱ्या सांकेतिक क्रमांकाने, तपासणीत नोंदवली जाते; त्यांतली ९६० उत्तीर्ण झाली की ३२१ ने मोकळी होतात आणि उरलेली चाळीस ३५० ने अडवली जातात. या सगळ्यात एकही बेअरिंग रॅकवरून हललेले नसेल, तरी उत्पादनाच्या नियोजनाच्या दृष्टीने चित्र पालटते, कारण तपासणीतला माल लवकरच मोकळा होईल असे गृहीत धरून नियोजन सहसा तो उपलब्ध मानते, अडवलेला मात्र मानत नाही. म्हणून नापास माल महिनोन्महिने तपासणीतच पडू देणे ही केवळ कागदोपत्री ढिलाई ठरत नाही. त्यामुळे नवी मागणी वेळेवर निघत नाही आणि उत्पादन खोळंबते.

येथेच एक भेद हमखास निसटतो. १०३ ने नोंदवलेला 'जीआर ब्लॉक्ड' ('जीआर' म्हणजे मालाची आवक) माल फाटकाच्या आत आलेला असतो, पण कंपनीने तो अद्याप स्वीकारलेला नसतो, म्हणून त्याची किंमत साठ्याच्या खात्यात चढत नाही. उलट साधा 'ब्लॉक्ड' माल स्वीकारलेला, स्वतःच्या मालकीचा आणि मूल्यांकित असतो, फक्त वापराला बंद असतो. नावातल्या साम्यामुळे या दोहोंची गल्लत झाली, तर ताळेबंदातला आकडाच चुकतो.

मालकी आणि ठिकाण यांची फारकत झाली की 'स्पेशल स्टॉक' लागतो. पुरवठादाराचा 'कन्साइनमेंट' माल कारखान्याच्या गोदामात असतो, पण तो वापरासाठी काढला जाईपर्यंत किंवा स्वतःच्या साठ्यात घेतला जाईपर्यंत देणे उभे राहत नाही. जॉबवर्कसाठी, म्हणजे दुसऱ्याकडून प्रक्रिया करून घेण्यासाठी, बाहेर पाठवलेल्या मालाचे नेमके उलटे असते. ५४१ ने तो जॉबवर्करच्या नावावर दाखवला जातो, तरी तो पाठवणाऱ्याच्याच मूल्यांकित साठ्यात राहतो आणि तयार वस्तू परत आल्यावर ५४३ ने आपोआप खर्ची पडतो.

२०१५ साली आलेल्या सॅपच्याच 'एस/४ हाना' प्रणालीने हे वर्ग बदलले नाहीत, नोंदीचा पाया मात्र बदलला. पूर्वी प्रत्येक हालचालीबरोबर निरनिराळ्या तक्त्यांतली शिल्लक अद्ययावत करावी लागे. आता हालचाली 'मॅटडॉक' या तक्त्यात साठतात आणि शिल्लक त्यांच्यावरून काढली जाते. या बदलाचे मोल वेगापेक्षा विश्वासार्हतेत अधिक आहे, कारण शिल्लक आणि तिची कारणे यांत तफावत पडायला जागा कमी उरते.

चाकण, भोसरी किंवा वाळूजच्या वाहन-सुट्या भागांच्या उद्योगांत, जिथे ओतीव भाग यंत्रकामासाठी आणि मुलाम्यासाठी एका शेडमधून दुसऱ्या शेडमध्ये फिरत असतात, तिथे जॉबवर्कचा वर्ग कायद्याच्याही कामी येतो. १ जुलै २०१७ पासून लागू झालेल्या वस्तू व सेवा कर कायद्याच्या कलम १४३ नुसार चलनावर करमुक्त पाठवलेला कच्चा माल एका वर्षात परत यावा लागतो किंवा जॉबवर्करकडूनच पुढे पुरवला जावा लागतो; तसे न झाल्यास आणि मुदतवाढही न मिळाल्यास तो ज्या दिवशी बाहेर पडला, त्याच दिवशी त्याचा पुरवठा झाल्याचे मानून कर आकारला जातो. त्यामुळे जॉबवर्करकडील शिल्लक दाखवताना ती किती आहे याच्या जोडीला ती कोणत्या तारखेच्या चलनावर गेली, हेही ताडून पाहावे लागते.