दुपट्टा दुहेरी घ्या

मे 2024 च्या अखेरीस अकोल्यात जिल्हा प्रशासनानं कलम 144 लावलं, ते उन्हापायी. पारा 45 अंशांच्या वर गेला होता, कडक उन्हाच्या नऊ दिवसांचा नवतपा लागला होता. याच दिवसांच्या आसपास अकोला-अमरावतीवर सूर्य भर दुपारी थेट माथ्यावर येतो. उभ्या काठीची सावलीही पडत नाही. सगळा मारा डोक्यावर आणि खांद्यांवर.

अशा वेळी वऱ्हाडी माणूस पांढरा दुपट्टा काढतो, मुली स्कार्फ आणि सनकोट चढवतात. बरोबरच आहे. आपली त्वचा साधारण 35 अंशांची. हवा 45 ची असली की गाडीवरचा वारा अंगाला उष्णताच देतो. गारवा मिळतो तो फक्त घाम सुकण्यातून. म्हणून अंग झाकावं, पण सैल.

अतिनील किरणांचं गणित मात्र वेगळं. ते चटका देऊन सांगत नाहीत. कापड ते किती अडवतं हे यूपीएफ या आकड्यानं मोजतात. ऑस्ट्रेलिया-न्यूझीलंडनं त्याचं मानक 1996 मध्ये आणलं. यूपीएफ 50 म्हणजे पन्नासावा हिस्साच आत येतो. पातळ पांढऱ्या सुती कापडाचा आकडा जेमतेम 5 ते 7, आणि ओलं केलं की आणखी खाली. आपण तर दुपट्टा भिजवूनच बांधतो! तरी भिजवावाच, कारण उष्माघात त्याच दुपारी जीव घेतो. फक्त दुहेरी घ्यावा: एका पदरातून पाचवा हिस्सा येत असेल, तर दोन पदरांतून साधारण पंचविसावा.

उष्णतेपुरती रंगाची चिंता त्यामानानं कमी करावी. वाळवंटातले बेदुईन काळे झगे का घालतात, याचा अभ्यास 1980 मध्ये ‘नेचर’मध्ये आला. काळा झगा जास्त तापतो, पण सैल झग्याखाली हवा खेळत असल्यानं त्वचेपर्यंत पोचणारी उष्णता पांढऱ्याइतकीच भरली. अतिनील किरणांसाठी खरा फरक विणीचा. दुकानात कापड ट्यूबलाइटसमोर धरा. पलीकडचं दिसलं तर किरणही येणार. ब्लीच न केलेला मांजरपाट पांढऱ्याशुभ्र मलमलीपेक्षा केव्हाही सरस, कारण कापसातले नैसर्गिक घटक अतिनील किरण शोषतात.

शेतात धसकटं वेचणाऱ्या बाया लुगड्यावर नवऱ्याचा जुना फुलबाह्यांचा शर्ट घालतात. तो बहुधा टेरिकॉटचा. त्यातलं पॉलिस्टर अतिनील किरण चांगले अडवतं. घाम टिपायला आत सुती ब्लाउज असतोच, आणि शर्ट नवऱ्याच्या मापाचा, म्हणून सैलपणा आयताच मिळतो.