चिकनला पाच-सहा तास, कोळंबीला दहा मिनिटं : स्लो कुकर लावून लोकल पकडणाऱ्यांनी काय लक्षात ठेवायचं?

सकाळी साडेसातला कल्याण, डोंबिवली किंवा ठाण्यातून निघायचं आणि रात्री साडेआठला घरी पोहोचायचं. मग पुढचा प्रश्न, जेवायला काय? सोशल मीडियावरचे स्लो कुकरचे व्हिडिओ याच प्रश्नावर नेमकं बोट ठेवतात. सकाळी चिकन, कोळंबी, मसाला, पाणी सगळं एकदम भांड्यात टाका, बटण दाबा आणि कामावर जा. रात्री आल्यावर गरमागरम रस्सा तयार!

व्हिडिओत ते छान दिसतं. प्रत्यक्षात रात्री झाकण काढलं की चिकनचे धागे सुटलेले असतात आणि कोळंबी रबरासारखी चिवट झालेली असते. त्यात मधे दोन तास लाईट गेली असेल, तर बिघडलेली चव ही सगळ्यात छोटी अडचण ठरते. मग स्लो कुकर वापरायचाच नाही का? वापरायचा, पण चिकन आणि मासळी यांना वेगवेगळं वेळापत्रक द्यायचं. असं का, ते समजून घेऊ.

स्लो कुकर म्हणजे नक्की काय?

सिरॅमिकचं जाड भांडं, त्याच्याभोवती विजेवर तापणारं वेष्टण आणि वर काचेचं झाकण, एवढंच हे यंत्र. अमेरिकेतल्या आयर्विंग नॅक्सन यांना अशा भांड्याचं पेटंट १९४० मध्ये मिळालं. त्यामागची कल्पना त्यांच्या आईच्या आठवणीतली होती. पूर्व युरोपातली ज्यू कुटुंबं शब्बाथच्या आदल्या संध्याकाळी मांस आणि कडधान्याचं भांडं गावातल्या बेकरीच्या निवत्या भट्टीत ठेवायची आणि ते रात्रभर शिजायचं. पुढे रायव्हल कंपनीने नॅक्सन यांचा व्यवसाय विकत घेतला आणि १९७१ मध्ये 'क्रॉक-पॉट' या नावाने हे भांडं बाजारात आणलं. नोकरी करणाऱ्या अमेरिकन महिलांमध्ये ते झपाट्याने लोकप्रिय झालं.

आपल्याकडे याच गरजेला प्रेशर कुकरने उत्तर दिलं. हॉकिन्सचे कुकर तर ठाण्याच्या वागळे इस्टेटमधल्या कारखान्यातही तयार होतात. पण दोन्ही कुकरचं तत्त्व अगदी उलट आहे. प्रेशर कुकर वाफ कोंडून तापमान १०० अंशांच्या वर नेतो आणि वेळ वाचवतो. स्लो कुकर उकळीच्या जरा खालीच राहतो आणि वेळ वाढवतो. त्यात वाचतं ते आपलं लक्ष, कारण समोर उभं राहावं लागत नाही.

एक गैरसमज इथेच दूर करायला हवा. बऱ्याच स्लो कुकरमध्ये 'लो' आणि 'हाय' या दोन्ही सेटिंगचं शेवटचं तापमान जवळपास सारखंच असतं. फरक असतो तो तिथवर पोहोचायला लागणाऱ्या वेळेत. म्हणून 'लो'वर ठेवलंय, कितीही वेळ राहिलं तरी चालेल, हे खरं नाही.

चिकनला वेळ का चालतो?

कोंबडीच्या तंगडीत, मांडीत आणि हाडांच्या सांध्यांजवळ कोलॅजन नावाचं चिवट प्रथिन असतं. साधारण ७० अंशांच्या पुढे ते हळूहळू विरघळतं आणि त्याचं जिलेटिन होतं. मांस मऊ लागतं आणि रस्सा ओठांना किंचित चिकटतो, तो या जिलेटिनमुळे. या बदलाला उष्णतेइतकाच वेळही लागतो.

छातीच्या मांसात कोलॅजन कमी असतं. जास्त वेळ शिजवलं की त्यातलं पाणी निघून जातं आणि ते कोरडं पडतं. म्हणून स्लो कुकरसाठी बोनलेस ब्रेस्टपेक्षा हाडासकट तंगडी-मांडीचे तुकडे घ्यावेत.

परदेशी रेसिपीत 'लो'वर सात-आठ तास लिहिलेले असतात ते बहुतेक अख्ख्या तंगड्यांसाठी. आपल्याकडे दुकानदार रश्शासाठी लहान तुकडे करून देतो आणि ब्रॉयलर कोंबडी मुळात कोवळी असते. तिला 'लो'वर पाच-सहा तास भरपूर झाले. गावठी कोंबडी वयाने मोठी, फिरलेली आणि चिवट असते. सात-आठ तासांचा खरा फायदा तिलाच होतो.

मग कोळंबी आणि मासळीचं काय बिघडतं?

माशाचं शरीर पाण्यात तरंगतं. स्वतःचं वजन पेलायचं नसल्याने त्याला कोंबडीसारखी चिवट बांधणी लागत नाही. त्याचे स्नायू आखूड असतात, मधे पातळ पडदे असतात आणि माशातलं कोलॅजन बऱ्याच कमी तापमानाला विरघळतं. म्हणूनच सुरमईची तुकडी काही मिनिटांत शिजते आणि अर्ध्या तासात सुटून येते. बोंबलात तर पाणीच इतकं असतं की तो स्लो कुकरमध्ये घालणं म्हणजे त्याचा लगदा करणंच.

कोळंबीत दोन गोष्टी घडतात. जास्त शिजवलं की तिचे स्नायू आकसतात, पाणी बाहेर पडतं आणि ती चिवट होते. आणि फार सावकाश तापवलं, तर ५०-६० अंशांच्या आसपास तिच्या अंगातली पाचक द्रव्यं जोमाने काम करतात आणि मांस पिठासारखं भुसभुशीत होतं. स्लो कुकर आधी सावकाश तापतो आणि मग तासन् तास शिजवतो, म्हणजे कोळंबीचं दोन्ही बाजूंनी नुकसान.

कोळंबी, सुरमई, रावस असं काहीही असो, ते शेवटच्या १० ते २० मिनिटांतच घालायचं. शिंपल्या तोंड उघडेपर्यंत आणि चिंबोरी साधारण अर्धा तास. अपवाद दोन. माकुळ एक तर दोन मिनिटांत काढावं लागतं किंवा चांगलं मऊ होईपर्यंत शिजवावं लागतं, त्यामुळे ते तासभर आधी घालता येतं. आणि सोडे वाळवलेले असल्याने भिजवून थोडे लवकर घातले तरी टिकतात. १ जून ते ३१ जुलै या मासेमारी बंदीच्या काळात सोडे तसेही कामाला येतात.

जगात इतरत्रही हाच नियम पाळतात. अमेरिकेच्या लुइझियाना राज्यात 'गंबो' नावाचा रस्सा करतात. त्यात चिकन आणि कोळंबी एकत्र असतात. तिथेही चिकन आधीपासून शिजतं आणि कोळंबी शेवटी पडते.

खरी जोखीम : ५ ते ६० अंश

चव बिघडली तर एक जेवण वाया जातं. तापमान चुकलं तर अख्खं घर आजारी पडू शकतं. ५ ते ६० अंश सेल्सिअस या पट्ट्यात जिवाणू वेगाने वाढतात. कच्चं किंवा शिजलेलं मांस या पट्ट्यात दोन तासांपेक्षा जास्त राहू नये, आणि खोलीचं तापमान ३२ अंशांच्या वर असेल तर एक तासापेक्षा जास्त नाही, असा सर्वसाधारण नियम आहे. मार्च ते मेमध्ये ठाणे-डोंबिवलीतल्या बंद घरातलं स्वयंपाकघर किती तापतं, हे वेगळं सांगायला नको.

त्यामुळे तीन गोष्टी टाळायच्या. पहिली, फ्रीझरमधलं गोठलेलं चिकन थेट कुकरमध्ये टाकणं. ते तापायला फार वेळ लागतो. आदल्या रात्री फ्रिजच्या खालच्या कप्प्यात ठेवून ते पूर्ण सुटं होऊ द्या. दुसरी, टायमर लावून कुकर दुपारी सुरू होईल अशी सोय करणं. तोपर्यंत कच्चं मांस बाहेरच पडून राहतं. तिसरी, सकाळची मासळी संध्याकाळसाठी ओट्यावर ठेवणं. बांगडा, तारली, कुपा यांसारख्या माशांत उष्णतेमुळे हिस्टामिन तयार होतं. मग मासा कितीही शिजवला तरी ते जात नाही आणि अंगावर गांध्या, डोकेदुखी, उलट्या असा त्रास होतो.

'पुन्हा चांगली उकळी आणली की झालं' हा सल्लाही अर्धाच खरा आहे. उकळीने जिवाणू मरतात, पण काही जिवाणूंनी आधीच सोडलेलं विष उकळूनही टिकतं.

मधे लाईट गेली तर?

कल्याण-डोंबिवलीत हा प्रश्न नेहमीचाच. पावसाळ्यात बिघाड होतात, एरवी देखभालीसाठी वीज बंद असते. बटण फिरवायचा साधा कुकर लाईट आल्यावर गुपचूप पुन्हा सुरू होतो. रात्री रस्सा गरम दिसतो आणि मधे तो तीन तास कोमट होता हे कळतच नाही. डिजिटल कुकर बहुतेक वेळा बंदच राहतो. ते निदान समजतं तरी.

घरी कोणी असेल तर लाईट जाताच भांड्यातलं सगळं पातेल्यात काढून गॅसवर पूर्ण शिजवावं. घरी कोणीच नव्हतं आणि वीज किती वेळ नव्हती हे कळायला मार्ग नसेल, तर शिजलेलं दिसत असलं तरी ते जेवण टाकून द्यावं. वाईट वाटतं, पण पर्याय नाही. इन्व्हर्टरवर विसंबू नका, त्याची जोडणी बहुतेक घरांत दिवे-पंख्यांपुरतीच असते.

मग बेत कसा आखायचा?

घरातून बाहेर राहण्याचा वेळ बारा-तेरा तास असेल, तर स्लो कुकर सकाळी लावण्यापेक्षा रात्री लावणं सोयीचं. घरात माणसं असतात आणि सकाळी उठेपर्यंत चिकन शिजलेलं असतं.

संध्याकाळी : कांदा आणि सुकं खोबरं गॅसवर खमंग भाजून वाटण करून घ्या, मसालाही तेलात परता. ही पायरी गाळू नका. भाजल्याचा रंग आणि वास यायला १०० अंशांच्या बऱ्याच वरची उष्णता लागते. स्लो कुकर तिथवर जातच नाही. कच्चा कांदा आणि मसाला टाकलेला रस्सा मिळमिळीत लागतो तो यामुळेच.

रात्री ११ वाजता : एक किलो चिकन, आलं-लसूण, वाटण, आगरी-कोळी किंवा घरचा मसाला, मीठ आणि फक्त एक कप गरम पाणी. वाफ बाहेर जात नाही, म्हणून नेहमीपेक्षा पाणी कमी. भांडं अर्ध्यापेक्षा कमी नको आणि दोन तृतीयांशापेक्षा जास्त नको. 'लो'वर पाच-सहा तास. झाकण सारखं उघडू नका, प्रत्येक वेळी वीस-तीस मिनिटं वाढतात.

सकाळी : किचन थर्मामीटर असेल तर सर्वात जाड तुकड्यात ७४ अंश दिसायला हवेत. रस्सा जाड सिरॅमिकच्या भांड्यात तसाच ठेवू नका, तो तासन् तास कोमट राहतो. पसरट स्टीलच्या डब्यांत काढा, वाफ निवली की दोन तासांच्या आत फ्रिजमध्ये ठेवा.

रात्री परत आल्यावर : येताना स्टेशनजवळच्या बाजारातून अर्धा किलो कोळंबी घ्या, किंवा आदल्या दिवशी साफ करून फ्रिजमध्ये ठेवलेली वापरा. रस्सा गॅसवर खळखळून उकळा. स्लो कुकरमध्ये गरम करू नका, त्याला फार वेळ लागतो. आता कोळंबी, आमसूल आणि नारळाचं दूध घाला. दूध आधी घातलं तर फुटतं. पाच ते दहा मिनिटांत कोळंबी गुलाबी होऊन वळते, आतून पांढरी दिसते. तिथेच गॅस बंद. पाहुण्यांपैकी कोणाला कोळंबीची ॲलर्जी असेल, तर त्यांच्या वाटणीचा रस्सा आधीच बाजूला काढा.

सुट्टीच्या दिवशी किंवा घरी कोणी असताना हाच बेत दुपारी लावता येतो. तेव्हा कोळंबी थेट कुकरमध्ये, 'हाय'वर, शेवटच्या पंधरा-वीस मिनिटांत घाला.

अमेरिकेहून आलेला कुकर लावण्याआधी

ठाणे-डोंबिवलीतल्या अनेक घरांत स्लो कुकर येतो तो अमेरिकेत राहणाऱ्या मुला-मुलींच्या बॅगेतून. तो १२० व्होल्टचा असतो, आपल्याकडची वीज २३० व्होल्टची. नुसती पिन बदलून लावला तर तो जवळपास पावणेचार पट वीज खेचतो आणि जळतो. मागची पट्टी वाचा. १२० व्होल्ट लिहिलं असेल तर योग्य क्षमतेचा व्होल्टेज कमी करणारा ट्रान्सफॉर्मर लागेल. त्यापेक्षा इथेच २३० व्होल्टचा घेणं सोपं.

घ्यावा की नाही?

२०० वॅटचा कुकर सहा तास चालला तर १.२ युनिट वीज लागते, म्हणजे बिलाची फार चिंता नाही. पण घरात ब्रॉयलर चिकनच होत असेल, तर प्रेशर कुकर तेच काम काही मिनिटांत करतो. स्लो कुकरची जागा गावठी कोंबडी, पाया, मटण, हाडांचं सूप अशा पदार्थांत आहे. मासळीसाठी तो घेऊ नका. तिला हवीत फक्त शेवटची दहा मिनिटं, आणि ती गॅससमोर उभं राहूनच द्यायची.