क्रॅक सॉफ्टवेअर : फुकटात काय येते, काय जाते

१४ एप्रिल जवळ आला की हिंगोली, वसमत, कळमनुरीत बॅनर आणि पत्रिकांची घाई सुरू होते. डीटीपीवाल्याकडे रांग असते, म्हणून अनेक तरुण कोरल ड्रॉ, फोटोशॉप स्वतःच्या लॅपटॉपवरच टाकतात. विकत घेणे परवडत नाही. मग यूट्यूब व्हिडिओखालची लिंक, टेलिग्रामचा चॅनल, नाहीतर मित्राचा पेनड्राइव्ह. क्रॅक म्हणजे परवाना तपासणारा भाग तोडलेले सॉफ्टवेअर. तो भाग तोडणाऱ्याने त्यात स्वतःचे काय जोडले, हे तपासणारा कुणी नसतो.

अशा फाईलसोबत एक सूचना हमखास येते : आधी अँटीव्हायरस बंद करा. आम्हाला सगळ्यात धोक्याची ओळ हीच वाटते. अँटीव्हायरसने इशारा दिला तरी 'क्रॅक आहे, इशारा येणारच' असे म्हणून आपण पुढे जातो. गुन्हेगाराला एवढेच हवे असते.

२०१८ पासून पसरलेले 'स्टॉप डीजेव्हीयू' हे रॅन्समवेअर याच वाटेने जगभरच्या घरगुती संगणकांत शिरले. फोटो, वर्ड, पीडीएफ अशा सगळ्या फाईल कुलूपबंद होतात आणि एक चिठ्ठी उरते : ९८० डॉलर द्या, ७२ तासांत दिलेत तर निम्मे. ऑक्टोबर २०१९ मध्ये एमसिसॉफ्ट कंपनीने त्याच्या १४८ प्रकारांवर मोफत उपाय काढला. मात्र नंतरच्या प्रकारांतल्या बहुतेक फाईल परत मिळत नाहीत. याच्याच जोडीने पासवर्ड चोरणारा प्रोग्रामही अनेकदा आत येतो, आणि तो चिठ्ठी वगैरे ठेवत नाही.

आता कार्यकर्त्याच्या लॅपटॉपमध्ये काय असते ते आठवा. महाडीबीटीवर शिष्यवृत्तीचे अर्ज भरून दिलेल्या मुलामुलींचे जातीचे दाखले, आधार, पासबुकाचे फोटो. सभासदांची यादी, वर्गणीचा हिशोब. ही कागदपत्रे आपली नाहीत, लोकांनी विश्वासाने दिलेली आहेत. म्हणून 'माझा लॅपटॉप, माझी जोखीम' हा युक्तिवाद आम्हाला पटत नाही.

कायद्याचेही पाहा. कॉपीराइट कायदा १९५७ च्या कलम ६३ब नुसार जाणूनबुजून बेकायदा प्रत वापरल्यास ७ दिवस ते ३ वर्षे कैद आणि ५० हजार ते २ लाख रुपये दंड होऊ शकतो. वापर धंद्यासाठी नसेल तर न्यायालय कैद टाळून ५० हजारांपर्यंत दंड करू शकते.

पर्याय आहेत. बॅनरसाठी इंकस्केप, फोटोसाठी गिंप, पुस्तिकेसाठी स्क्राइबस, अर्ज-अहवालासाठी लिबरऑफिस. सगळे कायदेशीर आणि मोफत. 'एक टाइप'चे मुक्त आणि बलू हे युनिकोड फॉन्टही मोफत आहेत. हात बसायला आठवडा-दोन आठवडे लागतात, हे खरे. छपाईवाला कोरलचीच फाईल मागतो, ही खरी अडचण. पण पीडीएफ दिली तर बहुधा काम भागते. डाउनलोड मात्र त्या सॉफ्टवेअरच्या मूळ संकेतस्थळावरूनच करा.

क्रॅक आधीच टाकला असेल आणि फाईल उघडेनाशा झाल्या असतील, तर इंटरनेट लगेच तोडा. खंडणी देऊ नका. पैसे देऊनही फाईल मिळतीलच याची हमी नसते. कुलूपबंद फाईल पुसू नका, 'नो मोअर रॅन्सम' या मोफत संकेतस्थळावर उपाय आहे का पाहा. दुसऱ्या, स्वच्छ फोनवरून ईमेल आणि बँकेचे पासवर्ड बदला. खात्यातून पैसे गेले असतील तर १९३० वर ताबडतोब फोन करा. जितका उशीर, तितकी रक्कम थांबवणे अवघड. कागदपत्रांची एक प्रत वेगळ्या हार्ड डिस्कवर ठेवा आणि काम झाले की ती काढून ठेवा, कारण जोडलेली डिस्कही कुलूपबंद होते.