फक्त सोमवारी

आत्याच्या गोळ्यांच्या पाकिटावर औषधवाल्याने लाल पेनाने लिहिलं होतं, 'फक्त सोमवारी'. खाली दोन रेघा. आत्याने जन्मभर मिश्री लावली. गालाच्या आतली गाठ काढल्यावर पुन्हा उठली तेव्हा तिला परळच्या टाटा कर्करोग रुग्णालयात नेलं. (आपल्याकडे 'टाटाला नेलंय' एवढं म्हटलं की पुढचं कुणी विचारत नाही.) दुखण्याची गोळी दिवसातून दोनदा आणि एवढ्या मोठ्या रोगाची आठवड्यातून एकदा, हे काही तिला पटेना. "रोज घेतली तर लवकर गुण येईल की," ती म्हणाली. "किती घ्यायची ते त्यांना तरी नीट ठाऊक आहे का?"

रोज घेतली असती तर रोगाच्या आधी गोळीनेच घात केला असता. पण आत्याचा प्रश्न अडाणी नव्हता. कर्करोगाच्या औषधांचा गेल्या ऐंशी वर्षांचा इतिहास वाचताना मला तोच प्रश्न पानोपानी भेटला. औषध सापडलं, हे ठीक. पण किती द्यायचं, किती दिवस द्यायचं, आणि केवढ्याला द्यायचं?

त्या सोमवारच्या गोळीचं नाव मेथोट्रेक्सेट. तिची कुळकथा परळलाच सुरू होते, तीही टाटा रुग्णालय उभं राहण्याच्या आधी.

1928 साली लूसी विल्स नावाच्या इंग्रज डॉक्टर मुंबईत आल्या. गिरणीत काम करणाऱ्या बायका गरोदरपणात पांढऱ्याफटक पडत आणि त्यातल्या कित्येक बाळंतपणात दगावत. बाळंतिणींच्या मृत्यूंची चौकशी परळच्या हाफकिन संस्थेतून चालली होती, त्या कामासाठी विल्सबाईंना बोलावलं होतं. हा नेहमीचा पंडुरोग नव्हता. रक्तातल्या तांबड्या पेशी संख्येने कमी, पण आकाराने अवाढव्य दिसत. बाईंनी आधी जंतू शोधले, ते सापडले नाहीत. मग त्या या बायकांच्या ताटाकडे वळल्या. ताटात भाजी, फळ, दूध नावालाच होतं. तसलाच निकस आहार त्यांनी उंदरांना आणि माकडांना दिला, आणि आजारी पडलेल्या माकडावर एकेक पदार्थ आजमावत गेल्या. गुण आला तो मार्माइटने. मार्माइट म्हणजे बिअर बनवताना उरलेल्या यीस्टचा काळा, खारट, चिकट अर्क. इंग्रज तो पावाला लावून खातात, आणि त्यांच्यातल्याही निम्म्यांना तो आवडत नाही. स्वस्त मात्र होता. मग तोच बायकांना दिला, तर त्या चार-सहा दिवसांत सुधारू लागल्या. 1931 साली ब्रिटिश मेडिकल जर्नलमध्ये हे छापून आलं. यीस्टमध्ये नेमकं काय आहे ते कळलं नव्हतं, म्हणून त्या अज्ञात घटकाला पुढे 'विल्स फॅक्टर' म्हणू लागले.

दहा वर्षांनी अमेरिकेत टनावारी पालक पिळून तसाच एक घटक वेगळा काढला गेला. पान या अर्थाच्या लॅटिन शब्दावरून त्याचं नाव पडलं फोलिक ॲसिड. आज प्रत्येक गरोदर बाईच्या हातात सरकारी दवाखाना ज्या गोळ्या ठेवतो, त्यात ते असतं. ते प्रयोगशाळेत बनवण्याची रीत 1945 साली न्यूयॉर्कजवळच्या लेडर्ली कंपनीत बसली. त्या संशोधकांचे प्रमुख होते भीमावरमचे यल्लाप्रगडा सुब्बाराव. जीवरसायनशास्त्राचे विद्यार्थी फॉस्फरस मोजण्याच्या पद्धतीत त्यांचं नाव आजही घोकतात, बाकी आपल्याला ते फारसे ठाऊक नसतात.

सिडनी फार्बर हे बॉस्टनच्या बाल रुग्णालयातले विकृतिशास्त्रज्ञ. म्हणजे मुलं गेल्यावर ज्यांच्याकडे येत, ते डॉक्टर. रक्ताच्या कर्करोगाने मुलं तेव्हा काही आठवड्यांत, फार तर महिन्यांत जात. फोलिक ॲसिडने गिरणीतल्या बायकांचं रक्त सुधारलं, मग या मुलांचंही सुधारेल, अशा हिशेबाने फार्बरनी त्या जातीचं रसायन त्यांना दिलं. झालं उलटंच. कर्कपेशी आणखी फोफावल्या, आगीत तेल पडल्यासारख्या. दुसरा एखादा डॉक्टर हात जोडून मागे फिरला असता. फार्बरनी विचार केला: हे तेल असेल, तर ते बंद करता येईल का? त्यांनी सुब्बारावांकडे फोलिकसारखं दिसणारं, पण फोलिकचं काम न करणारं रसायन मागितलं. अमिनोप्टेरिन नावाचं ते रसायन त्यांनी 16 मुलांना दिलं, आणि 10 मुलांच्या रक्तातला रोग ओसरला. जून 1948 मध्ये हे प्रसिद्ध झालं. ओसरलेला रोग काही महिन्यांत परत आला, एकही मूल कायमचं वाचलं नाही. पण नुसत्या औषधाने हा रोग मागे हटतो, हे तोवर कुणी पाहिलं नव्हतं. त्याच वर्षी ऑगस्टमध्ये सुब्बाराव वारले. वय अवघं 53.

मेथोट्रेक्सेट हे अमिनोप्टेरिनचं सख्खं भावंड. पेशीला दुप्पट व्हायचं तर डीएनए लागतो, डीएनए घडवायला फोलिक लागतं. मेथोट्रेक्सेट फोलिकचा वेश घेऊन पेशीत शिरतं आणि तिथल्या एका विकराच्या खोबणीत असं अडकतं की खरं फोलिक आलं तरी त्याला जागा उरत नाही. कुलपात चुकीची किल्ली मोडून बसावी तसं. मेख अशी की झपाट्याने वाढणाऱ्या पेशी केवळ कर्करोगातच नसतात. केसांच्या मुळाशी, तोंडाच्या आत, आतड्यात, हाडांच्या मगजात त्या असतातच. म्हणून केस जातात, तोंड येतं, आणि 'पेशी कमी झाल्यात, पुढची केमो लांबवू' हे वाक्य प्रत्येक घराच्या परिचयाचं होतं. मोठी मात्रा दिली तर मागोमाग फोलिनिक ॲसिडचा उतारा द्यावा लागतो. उतारा हा शब्द मी मुद्दाम वापरते. आपल्या जुन्या वैद्यांचं विषाशी जे नातं होतं, तेच या शास्त्राचंही आहे.

'किती दिवस' या प्रश्नापायी एकाची नोकरी गेली. अमेरिकेच्या राष्ट्रीय कर्करोग संस्थेत मिन चिउ ली नावाचे चिनी डॉक्टर 1956 च्या सुमारास वारेच्या कर्करोगावर मेथोट्रेक्सेट देत होते. गाठी विरघळल्या, फुफ्फुसं स्वच्छ दिसू लागली, तरी लघवीत त्या रोगाचं संप्रेरक थोडंसं उतरत होतं. ते शून्यावर येईपर्यंत ली औषध देत राहिले. वरिष्ठांना वाटलं, हा बऱ्या झालेल्या बायकांना विष पाजतोय. लींना काढून टाकलं. त्यांनी ज्यांना शेवटपर्यंत औषध दिलं होतं त्या बायका बऱ्या राहिल्या. गाठीचा कर्करोग निव्वळ औषधाने बरा झाल्याची ती पहिली नोंद.

मोहरी वायूपासून पहिलं केमो औषध निघालं ती युद्धकथा सगळीकडे छापलेली असते, म्हणून एका ओळीत: नायट्रोजन मस्टर्ड 1942 साली येल विद्यापीठात प्रथम एका रुग्णाला दिलं, आणि युद्धकाळातली गुप्तता संपल्यावर 1946 मध्ये ते जगाला कळलं.

मला जास्त रस आहे तो अंगणातल्या सदाफुलीत. जमैकात मधुमेहावर तिच्या पानांचा काढा घेत. 1952 साली तिथून थोडी पानं टपालाने कॅनडात एका डॉक्टरकडे आली, त्यांनी ती आपल्या संशोधक भावाकडे, रॉबर्ट नोबल यांच्याकडे दिली. उंदरांची साखर ढिम्म हलली नाही, पांढऱ्या पेशी मात्र धडाधड उतरल्या. त्यातून चार्ल्स बियर यांच्या साथीने विनब्लास्टिन निघालं, पाठोपाठ एका अमेरिकी कंपनीत विनक्रिस्टिन, जे 1963 पासून मुलांच्या रक्ताच्या कर्करोगात दिलं जातं. शेकडो किलो वाळल्या पानांमागे हाती लागतं ते ग्रॅममध्ये. तेव्हा व्हॉट्सॲपवर 'रोज सदाफुलीची चार पानं चावा' असा निरोप आला तर पुढे पाठवू नका. पानं विषारी आहेत आणि मात्रा कुणालाच ठाऊक नसते.

झाडांच्याच वाटेवर एक नंदुरबारचा माणूस भेटतो. मनसुख वाणी तिथे 1925 साली जन्मले, मुंबई विद्यापीठात शिकले आणि अमेरिकेत नॉर्थ कॅरोलिनाला गेले. तिथे मनरो वॉल यांच्याबरोबर त्यांनी 1966 साली एका चिनी झाडातून कॅम्टोथेसिन आणि 1971 साली अमेरिकेतल्या यू वृक्षाच्या सालीतून टॅक्सॉल वेगळं केलं. दोन्हींना फार वाट पाहावी लागली. टॅक्सॉल पेशीविभाजन कसं रोखतं हे सुझन हॉरविट्झ यांनी 1979 मध्ये दाखवलं आणि औषध म्हणून मान्यता 1992 ला मिळाली. कॅम्टोथेसिनच्या पहिल्या चाचण्या तर मूत्राशयाला इजा होते म्हणून बंदच पडल्या. त्यातून सुधारलेली औषधं यायला 1996 उजाडलं. तेच कॅम्टोथेसिन आपल्या सह्याद्रीतल्या नरक्यात आहे, हे भारतीय रसायनशास्त्रज्ञांनी 1972 मध्ये दाखवलं. फुलांना घाण वास येणारं हे झाड कुणाच्या खिजगणतीत नव्हतं. परदेशी मागणी आली तशी कोल्हापूर-सिंधुदुर्गच्या रानांत कुऱ्हाडी चालल्या आणि पोत्यांतून ढलप्या चोरून जाऊ लागल्या. नरक्या तोडणाऱ्याला मजुरी मिळाली, आणि झाड दुर्मिळांच्या यादीत गेलं.

एकेकटं औषध हरतं, तीन-चार मिळून जिंकतात, हे साठच्या दशकात अमेरिकेत मुलांच्या रक्ताच्या कर्करोगावर सिद्ध झालं. ते आपल्याकडे आणताना मात्र जसंच्या तसं उचलून चाललं नसतं. कुपोषित, जंतुसंसर्गाने आधीच बेजार झालेलं मूल तिकडची मात्रा सोसत नाही. 1980 च्या दशकात मुंबई, चेन्नई आणि दिल्लीच्या डॉक्टरांनी एमसीपी-841 नावाचा औषधक्रम चालवला आणि बऱ्या होणाऱ्या मुलांचं प्रमाण वाढलं. कुठलंही नवं औषध न शोधता.

मग आला किमतीचा प्रश्न. 2001 साली इमॅटिनिब ही गोळी आली आणि एका जातीचा रक्ताचा कर्करोग मधुमेहासारखा सांभाळता येण्याजोगा झाला. ही गोळी खरोखरच क्रांतिकारक होती, त्यात वाद नाही. वाद पेटंटवर झाला. जुन्या रेणूचं थोडं बदललेलं रूप म्हणजे नवा शोध नव्हे, असं आपल्या कायद्याचं 3(ड) कलम म्हणतं, आणि 1 एप्रिल 2013 रोजी सर्वोच्च न्यायालयाने इमॅटिनिब बनवणाऱ्या नोव्हार्टिस कंपनीची पेटंटची मागणी फेटाळली. त्याच्या वर्षभर आधी, मार्च 2012 मध्ये, पेटंट नियंत्रकांनी मुंबईत आणखी धाडसी निकाल दिला होता. यकृत आणि मूत्रपिंडाच्या कर्करोगावरचं बायर कंपनीचं नेक्सावार हे औषध महिन्याला 2,80,428 रुपयांना पडत होतं. हैदराबादच्या नॅटको कंपनीला ते 8,880 रुपयांत विकायची सक्तीची परवानगी मिळाली, बायरला विक्रीवर स्वामित्वधन देऊन. भारतातला तो पहिला असा परवाना. या दोन आकड्यांमधल्या फरकात संशोधनाचा खर्च किती आणि मागता येतं म्हणून मागितलेलं किती, याचा हिशेब मला अजून कुणी पटेलसा मांडून दाखवलेला नाही.

आता आत्याच्या सोमवारकडे. केमोची जुनी रीत म्हणजे माणूस सोसेल तेवढी जास्तीत जास्त मात्रा, मग तीन आठवडे विसावा. याउलट थोडं थोडं, न थांबता, ठेक्यात द्यायचं, अशी एक रीत आहे. तिला मेट्रोनोमिक म्हणतात. ही मात्रा गाठीला रसद पुरवणाऱ्या नव्या रक्तवाहिन्यांवर चालते. तोंडाच्या, घशाच्या बळावलेल्या कर्करोगात टाटा रुग्णालयाच्या डॉ. कुमार प्रभाष, डॉ. विजय पाटील आणि सहकाऱ्यांनी तिची कसोटी घेतली. 422 रुग्णांपैकी निम्म्यांना शिरेतून सिस्प्लॅटिन, निम्म्यांना आठवड्याला मेथोट्रेक्सेट आणि रोज सेलेकॉक्सिब ही दुखण्याचीच गोळी. 2020 मध्ये निष्कर्ष आले: सिस्प्लॅटिनवाले मध्यमानाने 6.1 महिने जगले, गोळीवाले 7.5 महिने. जेमतेम दीड महिन्याचा फरक. ऐकायला किरकोळ वाटतो. पण गोळी स्वस्त होती, त्रास कमी होता, आणि दर खेपेला गावाहून गाडी करून परळला यावं लागत नव्हतं. आत्याने ते महिने स्वतःच्या ओसरीवर काढले.

पुढची पायरी याहून बोलकी. शरीराची प्रतिकारशक्ती मोकळी करणाऱ्या औषधांच्या शोधाबद्दल ॲलिसन आणि होन्जो यांना 2018 चं नोबेल मिळालं. त्यातल्या निवोलुमॅबची एरवीची मात्रा दोन आठवड्यांना 240 मिलिग्रॅम. परळच्या याच मंडळींनी तीन आठवड्यांना फक्त 20 दिली, मेट्रोनोमिक गोळ्यांच्या जोडीला. वर्षभराने नुसत्या गोळ्यांवरचे 16.3 टक्के रुग्ण हयात होते, जोड मिळालेल्यांतले 43.4 टक्के. एवढ्याशा मात्रेनेही काम होतं का, हे तपासण्याची गरज औषध विकणाऱ्याला कधी वाटेल? पेशंटच्या खिशाकडे रोज पाहणाऱ्यालाच ते सुचणार.

आयआयटी मुंबई आणि टाटा यांनी मिळून घडवलेली नेक्सकार-19 ही पेशी-उपचारपद्धती 2023 मध्ये मान्य झाली. रुग्णाच्याच टी-पेशी काढून, त्यांना नवी ओळख शिकवून परत सोडायच्या. अमेरिकेतल्या खर्चाच्या मानाने ती फार स्वस्त आहे, तरी किंमत लाखांत मोजावी लागते.

आणि शेवटी 2023 मध्येच प्रसिद्ध झालेली एक चाचणी, जिची बातमी पहिल्या पानावर यायला हवी होती. शस्त्रक्रियेच्या धक्क्याने कर्कपेशी इतस्ततः होत असतील, तर सुरी लावण्याआधी गाठीभोवतीची जागा बधिर केली तर? डॉ. राजेंद्र बडवे आणि सहकाऱ्यांनी भारतातल्या 11 केंद्रांत स्तनाच्या कर्करोगाच्या सुमारे 1,600 स्त्रियांवर हे पाहिलं. निम्म्यांना शस्त्रक्रियेआधी सात-दहा मिनिटं गाठीभोवती इंजेक्शन दिलं. पाच वर्षांनी इंजेक्शन न दिलेल्यांतल्या 86.4 टक्के हयात होत्या, दिलेल्यांतल्या 90.1 टक्के. औषध होतं लिडोकेन. दात काढताना हिरडीत टोचतात तेच.