अपिलास विलंब झाल्यास क्षमा केव्हा मिळते?

दिवाणी दाव्याचा निकाल विरुद्ध गेल्यास वरिष्ठ न्यायालयात अपील करण्याचा हक्क पक्षकारास असतो. मात्र तो मुदतीत बजावावा लागतो. मुदत अधिनियम, १९६३ अन्वये जिल्हा न्यायालयात ३० दिवसांच्या, तर उच्च न्यायालयात ९० दिवसांच्या आत अपील दाखल करावयाचे असते. मुदत टळल्यावर केलेले अपील, प्रतिपक्षाने हरकत घेतली नाही तरी, न्यायालयास फेटाळावे लागते. शेताच्या बांधाचा किंवा वडिलोपार्जित घराच्या हिश्श्याचा वाद मग वरिष्ठ न्यायालयाने न ऐकताच संपुष्टात येतो.

मुदत मोजताना निकालाचा दिवस आणि हुकूमनाम्याची नक्कल मिळण्यास लागलेला आवश्यक काळ वगळला जातो. नकलेसाठी अर्ज करण्यापूर्वी वाया गेलेले दिवस मात्र पक्षकाराच्याच खाती जमा होतात. म्हणून निकाल लागताच नकलेचा अर्ज करणे हिताचे. अखेरच्या दिवशी न्यायालय बंद असल्यास ते उघडेल त्या दिवशी अपील दाखल करता येते.

इतके करूनही विलंब झाला तर अधिनियमाचे कलम ५ साहाय्यास येते. वेळेत न येण्यास ‘पुरेसे कारण’ होते, अशी खात्री पटल्यास न्यायालय विलंब क्षमापित करू शकते. ही सवलत मूळ दाव्यास वा हुकूमनाम्याच्या अंमलबजावणीच्या दरखास्तीस लागू नाही.

पुरेसे कारण कोणते, हे प्रत्येक प्रकरणाच्या परिस्थितीवर अवलंबून असते. अनंतनागच्या भूसंपादन प्रकरणात केवळ ४ दिवसांच्या विलंबामुळे फेटाळलेले शासनाचे अपील सर्वोच्च न्यायालयाने १९८७ साली पुन्हा सुनावणीस घेण्यास सांगितले. तांत्रिक बाबीपेक्षा न्यायदान श्रेष्ठ, हे तत्त्व तेथे मांडले गेले. १९९८ साली एन. बालकृष्णन प्रकरणात वकिलाच्या हयगयीमुळे झालेला ८८३ दिवसांचा विलंबही, खर्च भरण्याच्या अटीवर, क्षमापित झाला. याउलट २०१२ साली टपाल खात्याने ४२७ दिवस विलंबाने केलेली याचिका फेटाळण्यात आली. कार्यालयातून कार्यालयात फाईल फिरत होती, एवढे कारण शासनासही पुरणार नाही, असे न्यायालयाने बजावले. तात्पर्य, दिवसांच्या संख्येपेक्षा कारणाच्या खरेपणास महत्त्व अधिक. आणि शासकीय खात्यांसाठी वेगळी मोजपट्टी नाही.

विलंब माफीचा अर्ज अपिलासोबतच, प्रतिज्ञापत्रासह सादर करावा लागतो. त्यात मुदत संपल्यापासून अपील दाखल होईपर्यंत काय घडले, ते तारीखवार नमूद करावे. आजारपण असल्यास वैद्यकीय प्रमाणपत्र जोडावे. खोटे कारण दिल्यास क्षमेचा आधारच नष्ट होतो. अर्जावर प्रतिपक्षास म्हणणे मांडण्याची संधी मिळते. दिवाणी प्रक्रिया संहितेच्या १९७६ च्या सुधारणेनुसार, न्यायालय अपील ऐकण्याचे ठरवीपर्यंत हुकूमनाम्याच्या अंमलबजावणीस स्थगिती देता येत नाही. अर्ज प्रलंबित असतानाच जमिनीचा ताबा जाण्याचा संभव असतो, हे विसरता कामा नये.

स्त्रिया आणि अनुसूचित जाती-जमातींच्या व्यक्तींना उत्पन्नाची अट न लावता, तसेच विहित मर्यादेपेक्षा कमी उत्पन्न असलेल्या इतरांना, विधी सेवा प्राधिकरणामार्फत विनामूल्य वकील मिळू शकतो. त्यासाठी तालुका विधी सेवा समितीकडे वेळीच अर्ज करावा. क्षमा हा पक्षकाराचा हक्क नव्हे, तो न्यायालयाचा विवेकाधिकार आहे. तिच्या भरवशावर दिवस दवडणे श्रेयस्कर नाही.